गळकी गच्ची आणि दहा वर्षांची गॅरंटी

पत्र : नागपुरात मानेवाड्याकडच्या एका लेआउटमध्ये आमचं घर आहे. सासऱ्यांनी १९९७ मध्ये बांधलेलं, तळमजला आणि वर एक मजला, स्लॅब साधारण हजार चौरस फूट. तीन वर्षांपूर्वी मागच्या खोलीत ओल दिसली म्हणून ऑगस्टच्या उघाडीत गच्चीवर केमिकलचा पांढरा कोट मारून घेतला. ठेकेदारानं छापील कार्डावर दहा वर्षांची गॅरंटी लिहून दिली. मागच्या पावसाळ्यात कोटाचे पोपडे निघाले. ठेकेदार आधी ‘येतो, येतो’ म्हणायचा, आता फोनच उचलत नाही. यंदा जुलै लागताच छतातून थेंब पडू लागले. आणखी तिघांना बोलावलं. एक म्हणतो जुन्या कोब्यावरच, म्हणजे स्लॅबवरच्या विटांच्या थरावरच, नवा कोबा घाला, दुसरा म्हणतो डांबरी मेम्ब्रेन, म्हणजे डांबराची चादर, चिकटवू, तिसरा म्हणतो टिनाचं शेड टाका म्हणजे गच्चीकडे बघायलाच नको. तिघांचे दर एकमेकांच्या जवळपासही नाहीत. सासऱ्यांना शेड हवं आहे, यांना सोलर लावायचं आहे. हा धंदाच फसवाफसवीचा आहे का? विश्वास ठेवायचा तरी कुणावर?

ताई, आधी तातडीचं सांगते. या महिन्यात तिघांपैकी कुणालाही काम देऊ नका. ‘आज ॲडव्हान्स दिला तर दर कमी करतो’ म्हणाले तरी नाही. गच्चीचं पक्कं काम भर पावसात होत नाही. होतं म्हणणारा माणूस तीन वर्षांपूर्वी तुमच्याकडे जे झालं तेच पुन्हा करून जाईल.

कारण तुमच्या गच्चीचं गणित बिघडलं ते ‘ऑगस्टच्या उघाडीत’. जून-जुलैचं पाणी पिऊन बसलेला स्लॅब दोन दिवसांच्या उन्हात वरून कोरडा दिसतो, आत मात्र ओलाच असतो. त्यावर रबरासारखा कोट बसला की आतलं पाणी कोंडलं जातं. एप्रिल-मेमध्ये त्याची वाफ होते, तिला वर यायला वाट नसते, मग कोट फुगतो, फुगे फुटतात आणि पुढच्या पावसाला पोपडे हातात येतात. डब्यातला माल कदाचित चांगलाही असेल. तो मारायची वेळ चुकली होती, आणि हे त्या ठेकेदाराला माहीत असायला हवं होतं.

नागपूरच्या गच्चीला उन्हाळा फार सोसावा लागतो. २३ मे २०१३ ला आपल्याकडे ४७.९ अंशांची नोंद झाली होती. तेवढं दरवर्षी होत नसलं तरी ४४-४५ ठरलेलं. हवा ४५ अंशांवर असते तेव्हा उघड्या स्लॅबचा वरचा थर साठीच्या पुढे गेलेला असतो. अशात रोहिणीतलं एखादं वादळ येतं आणि तापलेल्या सिमेंटवर गार सरी कोसळतात. काँक्रीट तापलं की वाढतं, निवलं की आक्रसतं. ३३ फूट लांबीच्या स्लॅबमध्ये ४० अंशांचा फरक पडला तर ही हालचाल चार-पाच मिलिमीटर होते. स्लॅब सरकतो, त्यावर उभी असलेली पॅरापेटची, म्हणजे गच्चीच्या कडेची, विटांची भिंत तेवढी सरकत नाही, आणि दोघांच्या सांध्यात केसाएवढी भेग पडते. ती दर उन्हाळ्यात थोडी थोडी रुंदावते. बहुतेक घरांत पाणी शिरतं ते याच सांध्यातून, नाहीतर पावसाच्या पाइपाच्या तोंडाशी, नाहीतर टाकीच्या ओट्याखालून. मधल्या मोकळ्या भागातून त्या मानानं कमी. पण आपल्याकडे कामाचे पैसे मोजले जातात चौरस फुटावर. म्हणून सगळा माल जातो मधल्या भागावर आणि खऱ्या दुखण्याच्या जागी, सांध्यावर, ब्रशचे दोन फटकारे मारले की काम संपतं. माझ्या मते या धंद्याचं सगळ्यात मोठं दुखणं हेच आहे. त्याबद्दल पुढे लिहिते.

सध्या पाऊस चालू आहे, तर त्याचाच तपासणीसाठी उपयोग करून घ्या. छतावरचा ओलीचा डाग जिथे संपतो तिथे पेन्सिलीनं रेघ ओढा आणि बाजूला तारीख लिहा. चार-पाच दिवसांची उघाडी मिळाली की पुन्हा बघा. डागाच्या कडा सुकून आत सरकल्या असतील तर पाणी पावसाचं. उघाडीतही डाग तितकाच ओला राहिला किंवा रेघ ओलांडून पुढे गेला तर संशय टाकीवर, तिच्या ओट्यावर किंवा भिंतीतल्या पाइपावर घ्या. टाकी रिकामी करून दोन दिवस तशीच ठेवा, घरात बादल्या भरून घ्या, म्हणजे उलगडा होईल. गळती टाकीची निघाली तर ते काम प्लंबरचं आहे, आणि वरच्या तिन्ही ठेकेदारांची तुम्हाला गरजच नाही.

मग छत खालून ठोकून बघा. हातोडीच्या दांड्यानं हलकेच ठोका. खणखणीत आवाज आला तर ठीक. भद्द आवाज म्हणजे प्लास्टर सुटलं आहे, किंवा आतली सळई गंजून फुगली आहे आणि ती काँक्रीटला बाहेर ढकलते आहे. तांबूस रेघा, पडलेले तुकडे किंवा उघडी सळई यांपैकी काहीही दिसलं तर त्या खोलीत कुणाला झोपू देऊ नका आणि आधी स्ट्रक्चरल इंजिनिअर बोलवा. गंजलेल्या सळईवर वरून कुठलाही कोट मारला तरी आतलं सडणं थांबत नाही. आपली काळी माती पावसात फुगते आणि उन्हाळ्यात फाटते. पॅरापेटवरची तिरपी भेग खाली भिंतीतही उतरत असेल तर ती पायाची गोष्ट आहे, वॉटरप्रूफिंगची नाही.

गच्चीवर पाइपाचं तोंड आजच बघा. २३ सप्टेंबर २०२३ ची पहाट तुम्हाला आठवत असेल. काही तासांत शंभर मिलिमीटरहून जास्त पाऊस पडला, अंबाझरी तलाव ओसंडला आणि वस्त्यांत पाणी शिरलं. तसा पाऊस तुमच्या हजार चौरस फुटांवर पडला तर ते नऊ हजार लिटरपेक्षा जास्त पाणी होतं, म्हणजे नऊ टनांहून जास्त वजन. ते सगळं एखाद-दोन पाइपांतून उतरायचं, आणि जाळीवर कडुलिंबाची पानं आणि प्लास्टिकची पिशवी अडकली की गच्चीचं तळं होतं. जाळी साफ ठेवा. सांध्यात मोठी भेग दिसली तर उघाडीत पॉलिमरच्या मसाल्यानं तात्पुरती बुजवा, वर ताडपत्री टाकून विटांनी दाबा. या पावसाळ्यापुरतं एवढंच करा.

आता तिघांचे सल्ले.

जुन्यावर नवा कोबा हा सल्ला मला अजिबात पटत नाही. साडेचार इंच जाडीचा विटांचा कोबा चौरस फुटाला साधारण वीस किलो भरतो, म्हणजे तुमच्या गच्चीवर वीस टन. माणसांचा वावर असलेल्या गच्चीवर माणसं आणि सामान मिळून जो भार धरायचा तो भारतीय मानकात, आयएस ८७५ च्या दुसऱ्या भागात, चौरस मीटरला सुमारे १५० किलो दिला आहे, म्हणजे चौरस फुटाला चौदा किलो. नव्या कोब्याचं वजन याहूनही जास्त. पहिला कोबा बांधणाऱ्यानं हिशेबात धरला असेल, दुसरा कुणीच धरलेला नाही. शिवाय जुना कोबा पोकळ झाला असेल तर दोन थरांच्या मध्ये पाणी साठून राहतं आणि महिनोन्‌महिने खाली झिरपत राहतं. कोबा ही पद्धत चांगलीच आहे. उतार नीट दिला आणि वर पांढऱ्या टाइलच्या तुकड्यांचा चायना मोझॅक बसवला तर नागपूरच्या उन्हाला तो छान तोंड देतो. पण आधी जुना काढायचा, मग नवा घालायचा.

डांबरी मेम्ब्रेन वाईट नाही. तिला तळ पूर्ण कोरडा लागतो, म्हणून पावसाळ्यात तिचं नाव काढू नका. हिवाळ्यात करायची झाली तर ठेकेदाराला दोन गोष्टी विचारा. चादरीवर चादर किती चढवणार? चार इंच तरी हवी. पॅरापेटवर चादर कुठपर्यंत नेणार आणि वरची कड कशी बंद करणार? किमान सहा इंच वर नेऊन भिंतीत खाच पाडून तिथे दाबली पाहिजे. काळी चादर उघडी ठेवली तर मे महिन्यात वरची खोली भट्टी होते, तेव्हा तिच्यावर संरक्षक थर आणि पांढरा रंग लागतोच. हे सगळं त्यानं न विचारता सांगितलं तर माणूस काम जाणणारा आहे.

शेडबद्दल सासऱ्यांचं म्हणणं मी झटकून टाकणार नाही. पाऊस आणि ऊन दोन्हींपासून आडोसा मिळतो, धान्य-पापड वाळवायला जागा होते. पण पॅरापेटच्या सांध्यात वाऱ्यानं आडवा मारलेला पाऊस शिरतोच. आणि वारा ही नागपुरात गंभीरपणे घ्यायची गोष्ट आहे. आयएस ८७५ च्या तिसऱ्या भागात नागपूरसाठी वाऱ्याचा मूळ वेग सेकंदाला ४४ मीटर धरला आहे, म्हणजे ताशी १५८ किलोमीटर. एवढ्या वाऱ्याला पुरेल असं शेड नऊ इंची पॅरापेटमध्ये पाइप रोवून उभं राहत नाही. खांब खालच्या काँक्रीटच्या कॉलमवर यायला हवेत. उडालेला पत्रा शेजारच्याच्या अंगणात पडतो, तिथे माणसंही असतात. पत्रा अर्ध्या मिलिमीटरचा घ्या, जाडी रंगासह सांगतात की रंगाशिवाय ते विचारा, आणि स्क्रूला रबरी वॉशर आहे ना हे डोळ्यांनी बघा. कायमचं शेड टाकायचं तर तुमचं लेआउट महापालिकेत येतं की नासुप्रमध्ये (नागपूर सुधार प्रन्यास), त्या कार्यालयात परवानगीची चौकशी आधी करा.

तुम्ही विचारलंत, धंदाच फसवाफसवीचा आहे का. मला तसं वाटत नाही. मी बघितलेले बहुतेक मिस्त्री प्रामाणिकपणे राबणारे आहेत. पण या धंद्याची घडीच अशी बसली आहे की गच्ची नीट बघायचे पैसे कुणालाच मिळत नाहीत. वायरमनला परवाना लागतो, गच्चीचं काम करायला कसलाच लागत नाही. रंगाच्या मोठ्या कंपन्यांनी वॉटरप्रूफिंगचे डबे गल्लीतल्या दुकानापर्यंत पोहोचवले, तसा डबा विकणारा दुकानदारच सल्लागार झाला. काम घेणारा ठेकेदार ते चौरस फुटाच्या दरानं दुसऱ्याला देतो, दुसरा मजुरांच्या ठिय्यावरून चार माणसं उचलतो. गॅरंटी लिहून देणारा गच्चीवर चढतच नाही आणि गच्चीवर राबणाऱ्याला गॅरंटी काय दिली ते माहीत नसतं. कंपनीची वॉरंटीही बहुधा मालापुरती असते, कामाची जबाबदारी तिच्यात नसते.

त्यात हंगामाची उलटी तऱ्हा. गळायला लागलं की सगळं शहर एकदम फोन करतं, जुलैमध्ये. नेमके तेव्हाच भंडारा, गोंदिया, बालाघाट, छत्तीसगडकडचे मजूर धानाच्या रोवणीला गावी गेलेले असतात. उरलेल्या थोड्या हातांवर सगळ्यांची घाई पडते आणि काम उरकलं जातं. नोव्हेंबर ते फेब्रुवारी, जेव्हा स्लॅब खडखडीत कोरडा असतो आणि चांगला मिस्त्री काम शोधत असतो, तेव्हा आपल्याला गच्ची आठवत नाही. कवेलूच्या, म्हणजे कौलारू, घरात राहणारे आपले आजी-आजोबा मृगाआधी घर शाकारून घ्यायचे, गळायची वाट बघायचे नाहीत. स्लॅब आला आणि आपण समजलो की आता कायमचं सुटलो.

म्हणून माझा तुम्हाला खरा सल्ला एवढाच : पहिले पैसे तपासणीचे द्या आणि ते काम न करणाऱ्या माणसाला द्या. एखाद्या स्ट्रक्चरल इंजिनिअरला फी देऊन गच्ची दाखवा. पाणी कुठून शिरतं, जुना कोबा ठेवायचा की काढायचा, कुठे काय करायचं, हे त्याच्याकडून कागदावर घ्या. मग तोच कागद तीन ठेकेदारांना द्या. आज तुमच्या तिघांचे दर जुळत नाहीत कारण तिघांनी तीन वेगळी कामं सांगितली आहेत. एकाच कामाचे तीन दर आले की त्यांची तुलना होईल.

तुमच्या वर्णनावरून माझा अंदाज असा. कोबा ठोकल्यावर खणखणीत वाजत असेल तर उखडलेला कोट पूर्ण खरवडून काढायचा, भेगा उघडून भरायच्या, पॅरापेटच्या कडेनं सगळीकडे गोला करायचा, म्हणजे काटकोनाच्या जागी मसाल्याची गोलाई. त्यावर फायबरची जाळी अंथरून पांढरा कोट. पांढऱ्यानं वरची खोलीही थोडी गार राहील. कोबा पोकळ असेल तर काढून नवा घालायचा, पाइपाकडे शंभर फुटाला किमान एक फूट उतार देऊन. दोन्हींत काम दिवाळीनंतर.

कोट मारताना तुम्ही स्वतः घरी थांबा आणि डबे मोजा. एका लिटरमध्ये किती जागा होते ते डब्यावर छापलेलं असतं. समजा दोन हातांसाठी लिटरला वीस चौरस फूट लिहिलं आहे, तर हजार फुटांना पन्नास लिटर लागणार, म्हणजे वीस लिटरचे अडीच डबे. दीड डब्यात काम झालं तर त्यात पाणी मिसळलं आहे. सील तुमच्यासमोर तोडायला लावा, रिकामे डबे काम संपेपर्यंत गच्चीवरच राहू द्या. काम वाळलं की पाइपाची तोंडं बंद करून इंच-दीड इंच पाणी ४८ तास साठवा आणि खालून बघा. कोरडं निघालं तर पैसे, पण सगळे नाहीत. दहा टक्के पुढच्या पावसाळ्यातले पहिले दोन-चार मोठे पाऊस होईपर्यंत हातात ठेवा, आणि हे आधीच लिहून घ्या. बिल घ्याच. ठेकेदार लहान असेल, वर्षाची उलाढाल वीस लाखांच्या आत असेल, तर त्याला जीएसटीची नोंदणी लागत नाही. साधं, सही असलेलं बिलही चालतं. काम करणाऱ्यांना कडेला बांधायला दोर आणि पट्टा आहे का तेही बघा. नसेल तर काम सुरू होऊ देऊ नका.

सोलर लावाच, पण गच्चीचं काम आधी. पॅनेल पंचवीस वर्षं राहायची, त्यांच्या खालची गच्ची दोन वर्षांत गळली तर सगळं उतरवावं लागेल. पीएम सूर्यघर योजनेत तीन किलोवॉटला ७८ हजार रुपये अनुदान आहे आणि जागा साधारण तीनशे चौरस फूट लागते. सांगाडा बसवणाऱ्याला स्पष्ट सांगा की नव्या कोटात ड्रिल मारायचं नाही, पाय काँक्रीटच्या ठोकळ्यांवर बसवायचे, आणि सांगाड्यासाठी वाऱ्याचा हिशेब कागदावर द्यायचा. सांगाडा सात-आठ फूट उंच घेतला तर खाली तीनशे फुटांची सावली मिळेल. पाऊस पूर्ण अडणार नाही, पण सासऱ्यांना संध्याकाळी खुर्ची टाकून बसायला जागा होईल. शेडचा हट्ट बराचसा यातच सुटेल असं मला वाटतं. त्यांच्याशी बोलताना एक नक्की विचारा : १९९७ मध्ये कोबा कोणत्या बाजूला उतरवला होता, स्लॅब एका दिवसात भरला की दोन दिवसांत? दोन दिवसांत भरला असेल तर मध्ये सांधा आहे, आणि कदाचित थेंब त्याच ओळीत पडत असतील. ही माहिती आता फक्त त्यांच्याकडे आहे. इंजिनिअर येईल तेव्हा त्यांना सोबत गच्चीवर घ्या.

राहिला जुना ठेकेदार. त्याला सोडून देऊ नका. ते छापील कार्ड, पैसे दिल्याचा पुरावा, पोपड्यांचे तारखेसह फोटो आणि ‘येतो’ म्हणणारे त्याचे मेसेज एकत्र करा. स्पीड पोस्टानं नोटीस पाठवा, पंधरा दिवसांची मुदत द्या. उत्तर नाही आलं तर जिल्हा ग्राहक आयोगात तक्रार करा. तक्रारीचं कारण घडल्यापासून दोन वर्षांच्या आत ती करावी लागते, पोपडे मागच्या पावसाळ्यात सुटले, म्हणजे तुमच्या हातात वेळ आहे. कामाची रक्कम पाच लाखांच्या आत असेल तर आयोगाची फी लागत नाही, वकीलही सक्तीचा नाही. कुठून सुरुवात करायची हे कळत नसेल तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनला १९१५ वर फोन करा, मराठीतही बोलता येतं.